सेठच्या बोटीवरचा पहारा

सप्ताहात आमच्या गावची वीणा सात दिवस भुईला टेकत नाही. एकानं ती गळ्यात घालून नाम घेत उभं राहायचं आणि दुसरा पाया पडून ती आपल्या गळ्यात घेईल तेव्हाच सुटायचं. दुपारचा पहारा वर्षानुवर्षं नथ्थूबाबांचा.

बाबा तरुणपणी नौदलात होते. एकाहत्तरच्या लढाईत "लढाऊ जहाजावर होतो," एवढंच सांगत. आमच्या जऊळक्याकडच्या माणसांना समुद्र तो काय माहीत! आम्ही माना डोलवायचो.

यंदा त्यांच्या नातीनं, उज्ज्वलानं, त्या जहाजाचा जुना फोटो कौतुकानं गावाच्या ग्रुपवर टाकला. बोट अर्धी पांढरी, अर्धी करडा रंग मारलेली. खिडक्यांना झालरीचे पडदे.

सप्ताहाच्या पंगतीत इंद्रभान वाढता वाढता म्हणाला, "काहो बाबा, हे तं सेठ लोकायची हवा खायाची बोट हाये! दुश्मनाले का शरबत पाजून राह्यले होते?"

पंगत खो खो हसली. बाबा प्रसादाच्या पानावरून तसेच उठले.

दुसऱ्या दिवशी दुपारी वीणा माझ्या गळ्यात होती. बाबांची वेळ झाली, टळली. गिरजाबाई, त्यांची मालकीण, एकटीच आली.

"भाऊ, थे नाही येत म्हन्तात. भितीकडं तोंड करून बसले."

इंद्रभान वरमून पुढं आला. "द्या, मी घेतो."

"पहारा बाबाचा हाये," मी म्हटलं. "वैनी, सांगा त्यायले, मी उभा हाओ."

पाय भरून आले. पांडुरंगाचं नाव घेत राहिलो. बऱ्याच वेळानं बाबा आले. पाय धुतले, पण वीणेला हात न लावता लोकांकडं वळले.

"बोट सेठचीच होती. लढाई लागली तसे गालिचे काढले, रंग मारला, नाचायच्या जागी तोफ बसवली. बंदराच्या तोंडाशी गस्त घाला म्हने. माह्या आधीच्या पहाऱ्यावर गोविंदसिंग. अंधारातून गोळी आली. मी वर गेलो तं हा कठडा धरून उभाच. अंगातला सदरा रक्तानं भिजलेला. म्हने, 'संभाल, नथ्थू.' मी दुर्बीण हातात घेतली, तवा तो बसला. बसला थो उठलाच नाही."

मंडपात फक्त टाळ हळू वाजत होते.

"माह्यावर हासा रे, मी जिता हाओ. पन बोटीवर हासले का त्याचं मरन हासन्यावारी जाते. म्हनून कधी सांगतलं नाही."

भोगासाठी मिळालेला देह देवाच्या कामी लावावा, हे मी कीर्तनात किती वेळा ऐकलं असेल. दर वेळी डोळे पाणावले. पण त्या दुपारी नाम घेताना डोळ्यांपुढं ती अर्धी पांढरी, अर्धी करडी बोट उभी राहिली.

बाबा माझ्या पाया पडले. वयानं एवढे मोठे, पण वीणेपुढं वय नसतं. त्यांनी ती गळ्यात घेतली आणि ताठ उभे राहिले.

त्यांची वेळ संपायच्या आधीच इंद्रभान पाय धुऊन हजर. त्यानं बाबांच्या पायांवर डोकं ठेवलं ते लवकर उचललंच नाही.

"उठ बावा, वीणा घे," बाबा म्हणाले.

त्याच्या गळ्यात वीणा घातली, खांद्यावरचा पट्टा सारखा केला. तो नाम घेऊ लागला, तसे बाबांनी दोन्ही हात सोडले आणि मगच खांबाला टेकून बसले.