हिसाएने न घेतलेला शॉट

हिसाए तोगावा एकोणीस वर्षांची असताना मी तिला पहिल्यांदा रंगवलं. साबणाची जाहिरात होती. आओमोरीकडच्या कोळ्यांच्या गावातली पोर. तोंड उघडलं की गावाकडची बोली बाहेर पडायची. म्हणून फोटोवाले म्हणायचे, "तू बोलू नकोस बाई, नुसती हस." मी टोकियोत नुकतीच मेकअपची कामं घ्यायला लागले होते. आमची गट्टी तिथेच जमली.

बघता बघता तिचा चेहरा सगळ्या स्टेशनांवर झळकला. मग मुराओका नावाच्या दिग्दर्शकाने तिला सिनेमात घेतलं. शेवटच्या प्रसंगात तिला रडायचं होतं आणि काही केल्या रडू येईना. "बाहुलीला कसलं रडू येतंय," असं युनिटातले लोक तिला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने बोलत. मुराओकाने कॅमेरा चालू करायला लावला, तिच्याजवळ गेला आणि हळूच म्हणाला, "तोगावा, तुझे वडील गेले. परवाच फोन आला होता."

ती जशी कोसळली तशी सिनेमात दिसते. लोकांनी डोक्यावर घेतलं, तिला बक्षीसही मिळालं. ती गावी पोचली तेव्हा सगळं उरकलं होतं, वडिलांच्या अस्थीही वेचून झाल्या होत्या. आईने दारातच विचारलं, "संपला का गं तुझा सिनेमा?"

तो सिनेमा हिसाएने कधीच पाहिला नाही. टीव्हीवर लागला की उठून ओट्याशी जायची आणि घासलेली भांडी पुन्हा घासायची.

पंचेचाळिशी उलटल्यावर भूमिका आटल्या, तेव्हा तिने स्वतःच सिनेमा करायचं मनावर घेतलं. कुसुमोतो नावाच्या निर्मात्याचे तिने उंबरे झिजवले. "तुमच्यासारखीने कॅमेऱ्यापुढे बसावं, मागे काय काम?" असं कुरकुरत तो एकदाचा तयार झाला. यामागाताच्या डोंगरात, बर्फात शूटिंग लागलं. नायिका नागिसा, तीही मॉडेलच, आजीने वाढवलेली. शेवटी तिने बर्फात बसून रडायचं होतं आणि तिलाही ते जमेना.

त्या सकाळी कुसुमोतो धावत आला. "पोरीच्या घरून फोन होता. आजी गेली तिची." मग आवाज उतरवून म्हणाला, "आत्ता सांगू नका. कॅमेरा लागला की सांगा. ऊन पडलंय बाई, बर्फ टिकायचं नाही."

हिसाए पांढरीफटक पडली. "चियो," ती मला म्हणाली, "हिचा मेकअप उतरव." आणि नागिसाला खोलीत नेऊन स्वतःच सांगितलं.

नागिसाने खिडकीतून बाहेरच्या बर्फाकडे पाहिलं. मग म्हणाली, "शॉट देऊनच जाते ना ताई. बर्फ जाईल."

"जाऊ दे. तू गाडीत बस."

"अहो, पण तुमचा सिनेमा..."

"बस म्हणते ना!"

गाडी वळणाआड गेल्यावर कुसुमोतो म्हणाला, "मारलात तुम्ही सिनेमा."

"हो," हिसाए म्हणाली.

नागिसा परतली तोवर डोंगर उघडे पडले होते. बर्फासाठी आणखी उत्तरेला जायला कुसुमोतोने साफ नकार दिला. सिनेमा त्या प्रसंगाशिवायच लागला आणि शेवटच नाही म्हणून समीक्षकांनी झोडपला. थोड्याच दिवसांत उतरला. हिसाएला पुन्हा कोणी सिनेमा दिला नाही. मालिकांमध्ये सासवा करायला लागली. मी चिडून म्हटलं, "खोटं बर्फ टाकून तरी घ्यायचं होतंस!" ती नुसती हसली, साबणाच्या जाहिरातीत हसायची तशी.

दोनेक वर्षांनी नागिसा हिसाएच्या घरी आली, तेव्हा मीही तिथे होते. तोवर ती मोठी नटी झाली होती. बोलता बोलता आजीचा विषय निघाला. "अस्थी मीच वेचल्या, ताई. एकीकडून मामा, एकीकडून मी, एकेक हाड दोघांच्या काड्यांत धरून. तुम्ही पाठवलंत म्हणून."

हिसाए टेबलावरचा हात न हलवता ऐकत होती. "हलक्या असतात का गं?" तिने विचारलं.

"खूप. हातात काही आहे असं वाटतच नाही."

हिसाए चहा आणते म्हणून आत गेली. पाणी उकळून उकळून आटलं, भांडं जळल्याचा वास आला तरी ती बाहेर आली नाही, आणि आम्ही दोघीही आत गेलो नाही.