दांडा न धरणारा पाहुणा

मित्रांनो, मी लोणी काढायचा डेरा आहे. जुना आहे, हे मला कोणी सांगायला नको. माझे अंग ओकच्या फळ्यांचे, कमरेइतके उंच, तळाशी रुंद आणि वर निमुळते. झाकणाच्या भोकातून एक लांब दांडा आत जातो. त्याच्या टोकाची रवी गोल फिरत नाही, वरखाली होते. माझी डावी बाजू जळून काळी पडली आहे. लोक ती बघून हळहळतात. हळहळू नका. मला माझी तीच बाजू सगळ्यांत जास्त आवडते.

शीही नावाच्या कारागिराने मला घडवले. त्याने एकही खिळा वापरला नाही. फळ्या तापवून वाकवल्या, त्यांवर कड्या ठोकल्या आणि पाणी भरून मला अंगणात उभे केले. "नाही गळला तर क्विर्कांचा, गळला तर चुलीचा," असे तो म्हणाला. मी गळलो नाही. मग आयर्लंडमधल्या टिपरेरी परगण्यात, गॉर्टनाबो गावी, क्विर्कांच्या स्वयंपाकघरात, दारापासून दोन पावलांवर मला जागा मिळाली.

ती जागा उगीच दिलेली नव्हती. आमच्याकडे घुसळण चालू असताना घरात कोणीही आले, मग तो पाद्री असो, भिकारी असो की कालच भांडून गेलेला शेजारी असो, त्याने "देव कामाला यश देवो" असे म्हणायचे आणि दांडा धरून चार हात मारायचे. न मारता गेला तर तो त्या घराचे लोणीच घेऊन गेला असे मानतात. ही रीत कोणी कोणाला शिकवत नाही. नुकते चालायला लागलेले मूलसुद्धा येता जाता दांड्याला लोंबकळते. पंचक्रोशीतल्या सगळ्यांचे हात मला ठाऊक होते. आळशी कोण, रागीट कोण, कोणाचे प्रेम जमले आहे, हे मला घरच्यांच्या आधी कळायचे.

पुढे गावात सहकारी डेअरी आली. तिथे यंत्र होते. आमच्या घरी दिवसभरात जेवढे लोणी निघे, तेवढे ते तासाभरात काढी. लोकांनी त्याचे कौतुक केले आणि मला गोठ्यात ढकलले. माझ्यात कोंबड्यांचे दाणे ठेवू लागले. मला त्या यंत्राचा फार राग होता, खोटे कशाला बोलू? फळ्या सुकल्या, कड्या ढिल्या झाल्या आणि उंदरांनी माझ्या झाकणावर संसार थाटला.

तेवढ्यात देशात लढाई सुरू झाली. इंग्रजांचे राज्य नको, आमचे आम्ही बघून घेऊ, असे म्हणून गावोगावची पोरे डोंगरात गेली. क्विर्कांच्या घरातला उलिकही गेला. त्याची आई नोनी विधवा होती. घरात ती आणि मुलगी हॅना अशा दोघीच उरल्या. पोरे काही हाती लागेनात, तेव्हा सरकारने आणलेल्या नव्या शिपायांनी गावावर राग काढला. एका सकाळी ते मोटारीतून आले आणि त्यांनी डेअरी पेटवून दिली. ज्या यंत्रावर मी इतकी वर्षे जळत होतो, त्याची त्या दिवशी मला कीव आली.

दुपारी नोनी गोठ्यात आली. तिने दाणे कोंबड्यांपुढे ओतले, उंदरांना हाकलले आणि मला ओढ्यात नेऊन बुडवले. शेजारचा मॅट लोनरगन काठावर उभा राहून बघत होता.

"नोनी, म्हाताऱ्याला कशाला छळतेस? चाळणी झालीय त्याची."

"फुगेल पाण्यात. तू पण मेलास वाटलं होतं गेल्या हिवाळ्यात, उठलासच की."

"आणि लोणी काढून करणार काय?"

"खाणार. डेअरी जाळली की आपण कोरडा बटाटा खात रडत बसू, असं त्यांना वाटतंय. त्यांच्या नाकात लोण्याचा वास गेला पाहिजे, मॅट."

मी फुगलो. फटी मिटल्या. आठवड्याभरात शेजारपाजारचे लोक आपापली साय घेऊन नोनीच्या घरी येऊ लागले. जो येई तो चार हात मारी. शिपायांची मोटार रस्त्यावरून गेली की नोनी मुद्दाम दार उघडे टाकायची आणि जोरजोरात घुसळायची. इतक्या रागाने मला आजवर कोणी घुसळले नव्हते, आणि मला ते मनापासून आवडत होते.

असेच एका दुपारी घुसळण चालू होती. मॅट आपले चार हात मारून शेकोटीपाशी बसला होता. हॅना बटाटे सोलत होती. तेवढ्यात एक तरणा माणूस दारातून आत आला. अंगात भिजलेला कोट होता, बुटांना चिखल होता.

"देव कामाला यश देवो," तो म्हणाला. अगदी आमच्या बोलीत, आमच्या हेलात.

"तुम्हालाही देवो," असे म्हणून नोनी रिवाजाप्रमाणे दांड्यापासून बाजूला झाली.

पाहुणा माझ्या अंगावरून सरळ शेकोटीकडे गेला.

मित्रांनो, माझ्यातली साय हलायची थांबली होती. दांडा नुसता उभा होता. मॅटने पाइप तोंडातून काढला आणि परत तोंडात घातला.

"मला कॉर्ककडच्या पोरांनी पाठवलंय," पाहुणा हलक्या आवाजात म्हणाला. "उलिकला भेटायला हवं, आजच. शिपायांना त्याचा ठावठिकाणा लागलाय. उद्या पहाटे घेरणार आहेत त्याला. कुठे आहे तो?"

त्याने पोरांची नावे सांगितली, ती खरी होती. उलिकच्या कपाळावरची खूणही सांगितली. हॅनाच्या हातातला बटाटा खाली पडला. उलिक तेव्हा मॅटच्याच गवताच्या माळ्यावर झोपला होता, दोन शेते ओलांडली की तिथे. ती बोलायला तोंड उघडणार, एवढ्यात नोनी म्हणाली,

"हॅना, बटाटे वाया घालवू नकोस." मग ती पाहुण्याकडे वळली. "हात भरून आले हो माझे. सकाळपासून घुसळतेय."

"बसा की बाई घटकाभर. विश्रांती घ्या," पाहुणा मायेने म्हणाला.

झाले. बारशाला रडणाऱ्या पोरालाही जे कळते, ते त्याला कळले नाही. तो आमची गाणी शिकून आला होता, प्रार्थना शिकून आला होता, हेलसुद्धा शिकला होता. पण आमच्यात तो कधी आलाच नव्हता.

मॅट सावकाश उठला. "माझी गाय आज विणार आहे. बघून येतो." आणि तो निघून गेला. म्हातारा एरवी खुरडत चालायचा, पण कुंपणापलीकडे गेल्यावर तो कसा पळाला असेल ते मला न बघताही कळले.

आता मॅटला वेळ मिळायला हवा होता. घरात दोन बायका आणि एक डेरा. नोनीने माझे झाकण उचलून आत विहिरीचे थंडगार पाणी ओतले, तेही भरपूर. साय गार पडली की लोणी येत नाही, कितीही घुसळा.

"पाहुणे," ती म्हणाली, "सांगते तुम्हाला उलिक कुठे आहे ते. पण आमच्या घरची रीत आहे. डेऱ्यात लोणी येईपर्यंत घरच्या माणसाचं नाव काढायचं नाही. अपशकुन होतो."

अशी रीत आमच्याकडे नाही. कुठेच नाही. पण पाहुण्याला खरी रीत ठाऊक नव्हती, तर खोटी कुठून ओळखणार?

"किती वेळ लागेल?"

"तुमच्यासारखा जवान हात लागला तर काय, आत्ता येईल."

त्याने कोट काढला आणि दांडा धरला. त्याच्या हातात जोर होता, पण मन नव्हते. मी माझ्या सगळ्या फळ्या आवळून बसलो. तो घुसळत राहिला. त्याच्या मानेवरून घाम वाहू लागला.

"अजून नाही?"

"जरा खालपर्यंत जाऊ द्या की दांडा. जेवला नाहीत वाटतं सकाळी?"

हॅनाला आता सगळे उमगले होते. हसू येऊ नये म्हणून ती पाठ करून एकच बटाटा सोलत बसली. त्याची साल संपली, बटाटाही संपत आला. पाहुण्याच्या तळव्यांना फोड आले. इंग्रज सरकारच्या पगारी माणसाने इतके कष्ट आमच्यासाठी कधी घेतले नसतील.

अखेर मॅट दारात आला. धापा टाकत, पण तोंडभर हसत. "झालं वासरू," तो म्हणाला. उलिक डोंगर चढून गेला होता.

नोनीने चुलीवरचे गरम पाणी माझ्यात ओतले, दांडा आपल्या हातात घेतला आणि थोड्या वेळात पिवळेधमक लोणी वर आले. ते तिने पातेल्यात काढले, हात पुसले आणि ती पाहुण्यासमोर जाऊन उभी राहिली.

"आता ऐका. या देशात घुसळणीच्या घरात शिरलं की आधी दांडा धरतात. तुम्ही बसून विश्रांती घ्या म्हणालात. माझा मुलगा कुठे आहे ते मला आता खरंच ठाऊक नाही. ठाऊक असतं तरी तुम्हाला सांगितलं नसतं. करा काय करायचं ते."

पाहुण्याने कोट उचलला. त्याने बाहेर जाऊन शिट्टी वाजवली. वळणामागे मोटार उभीच होती. शिपायांनी छपराला आग लावली. घरातली एकच मोठी वस्तू काढायला वेळ होता. कपाट नाही, पलंग नाही, लग्नातले घड्याळही नाही. आई आणि मुलगी मला दोन्ही बाजूंनी धरून बाहेर ओढत होत्या. माझी डावी बाजू तेव्हाच जळाली. नोनी रडली नाही. तिने पातेलेही बाहेर आणले होते. त्या संध्याकाळी मॅटच्या घरी साऱ्यांनी बटाट्यांवर ते लोणी घालून खाल्ले. हेराने काढलेले लोणी उत्तम झाले होते, हे मला मान्य करावेच लागेल.

वर्षे गेली. राज्य आमचे झाले. नोनीचे घर पुन्हा उभे राहिले. मग गावात प्रेंडरगास्ट नावाचे विमा एजंट आले. शहरातले, मोठे नाटकवेडे आणि मनाने चांगले. त्यांनी त्या दिवसावर नाटक लिहिले. त्यात उलिक दारातून पिस्तूल घेऊन येतो आणि हेराला उडवतो. आई भिंतीला टेकून रडते. मी कोपऱ्यात शोभेला. माझ्या गळ्यात त्यांनी पाटी अडकवली: ‘नाटकाचे सामान. हात लावू नये.’

गावच्या हॉलमधल्या तालमीला नोनी, हॅना आणि उलिक तिघेही आले.

"माझ्याकडे पिस्तूल नव्हतं हो," उलिक म्हणाला. "मी घोरत होतो."

"लोकांना घोरणं कसं दाखवू?" प्रेंडरगास्ट म्हणाले. "पिस्तूल दिसतं, लोणी दिसत नाही."

नोनीने हट्टाने माझ्यात साय ओतली होती. तालीम सुरू झाली. हेराचे काम टॉम हॅकेट या पाववाल्याकडे होते. तो आत आला, "देव कामाला यश देवो" म्हणाला, त्याने पाटी बाजूला सारली आणि दांडा धरून चार हात मारले.

"अहो हॅकेट, तुम्ही हेर आहात. सरळ शेकोटीकडे जा."

"चुकलं, साहेब."

तो पुन्हा आत आला आणि त्याने पुन्हा दांडा धरला. तिसऱ्यांदाही तेच. मग दुसरा नट घेतला, त्यानेही धरला. तिसऱ्याने तर हात पाठीमागे बांधून घेतले, तरी तो माझ्यापाशी येऊन थबकलाच. "नाही जमत," तो म्हणाला. "असं पुढे जाववत नाही."

नोनी उठून उभी राहिली. म्हातारी झाली होती, पण आवाज तोच होता.

"साहेब, त्या दिवशी पिस्तूल का लागलं नाही, कळलं का आता? हे काम गॉर्टनाबोत कोणाला जमायचं नाही. तुम्हीच करा. रोज तालमीला येता, डेऱ्याला हात न लावता जाता. तुम्हाला जमेल."

प्रेंडरगास्ट आधी हसले. मग ओशाळले. त्यांनी आपल्या नाटकातून पिस्तूल काढून टाकले आणि हेराचे काम स्वतः केले. माझ्या अंगावरून ते सरळ शेकोटीकडे गेले, तेव्हा सारा हॉल एका सुरात गुरगुरला, आणि पुढच्या रांगेत नोनी क्विर्क पहिल्यांदा रडली.

मित्रांनो, मी अजून त्याच हॉलमध्ये आहे. ती पाटी कोणी तरी पुन्हा माझ्या गळ्यात घातली आहे. माझ्यावर दया करू नका, मला फुले वाहू नका, जपायचे असेल तर मला ओले ठेवा. सुकलो तर फळ्या सुटतील. आणि या दारातून आत आलात तर ती पाटी काढून फेका आणि दांडा धरा. नाहीतर तुम्ही कोणाकडचे आहात, हे मी ओळखून बसेन.