पाच मिनिटांचा तास

मानवाने काळावर अखेर विजय मिळवला. हा विजय दर शुक्रवारी दुपारच्या जेवणानंतर कालविद्यापीठाच्या तळघरातल्या सभागृहात मिळवला जाई, आणि उशिरा येणाऱ्यांना बसायला जागा मिळत नसे.

त्या शुक्रवारीही रांग जिन्यापर्यंत आली होती. दिनदर्शिका विभागाचे प्रमुख इतिहासवाल्यांना कोपराने ढकलत होते. कुलसचिवांच्या सासूबाई घरून खुर्ची घेऊन आल्या होत्या. दारात ठेवलेल्या टोपलीत सगळेजण घड्याळं आणि मोबाइल टाकत आणि आत शिरत. आत व्यासपीठावर गालिचा, गालिच्यावर स्वामी क्षणानंद, आणि त्यांच्या डोक्यावर विद्यापीठाचं मुख्य घड्याळ.

"मी हात वर केला की या खोलीत काळ मंदावेल," क्षणानंद म्हणाले. "बाहेर तास जाईल, आत पाचच मिनिटं. उरलेली पंचावन्न तुमच्या आयुष्यात जमा! डोळे मिटा. मध्येच उघडणाऱ्याचं वय दुप्पट वेगाने वाढतं. मग माझ्याकडे रडत यायचं नाही."

सभागृहाने डोळे गच्च मिटले. सासूबाईंनी वरून रुमालही बांधला.

पुढचा प्रकार दर वेळी ठरलेला असे. क्षणानंद "उघडा" म्हणत. घड्याळात पाच मिनिटं झालेली असत. बाहेर टोपलीतली घड्याळं तासभर पुढे गेलेली असत. झाला चमत्कार! दुसरीकडे कुठे असं घडलं असतं, तर भिंतीवरचं घड्याळ बंद पडलंय म्हणून कुणीतरी स्टूल आणलं असतं. पण हे कालविद्यापीठ होतं. इथे घड्याळ थांबलं तर काळ थांबला, असं समजण्याइतके सगळे शिकलेले होते.

शेवटच्या रांगेत एक गृहस्थ डोळे उघडे ठेवून बसले होते. ते पाणघड्याळवाले सर. प्राचीन वेळमापनाचं प्रात्यक्षिक शिकवायचे, आणि त्यांच्या तासाला हल्ली एकच विद्यार्थी येई, तोही प्रयोगशाळा थंड असते म्हणून. क्षणानंद एकेकाळी याच सरांचा विद्यार्थी होता. एकदाही वेळेवर आला नव्हता. आता अख्खं विद्यापीठ त्याच्यासाठी वेळेवर येत होतं, आणि पहिल्या रांगेत, अगदी मधोमध, सरांची बायको बसत होती.

हे शेवटचं सरांना सर्वात जास्त झोंबत होतं. बैठकीहून आली की तिचा चेहरा खुललेला असे. "तुम्ही आपले पुढे चाललात हो," ती चहा गाळताना म्हणायची. "मी मागेच राहिले. अशी दोन-चार वर्षं गेली, तर लोक मला तुमची धाकटी बहीण समजतील." सरांनी स्वतःच्या लग्नानंतर हा चेहरा पाहिला नव्हता. लग्नात पाहिला होता का, तेही नीट आठवत नव्हतं.

इथवर सरांनी गिळलं असतं. पण तिला काचबिंदू होता. रोज रात्री डोळ्यांत थेंब घालायचे, एकही दिवस चुकवायचा नाही, गेलेली नजर परत येत नाही, असं डोळ्यांच्या डॉक्टरांनी बजावलं होतं. आणि गेले दोन महिने ती थेंब घालत नव्हती.

"अहो, आजारच जागच्या जागी थांबलाय. थेंब कशाला?"

"कोण म्हणालं?"

"तेच म्हणाले. किती समजावून सांगतात! तुमच्यासारखं खेकसत नाहीत."

म्हणून आज सरांच्या मांडीवर प्रयोगशाळेतलं पाणघड्याळ होतं: वर तळाला बारीक भोक पाडलेला डबा, खाली मिनिटांच्या खुणा असलेली काचेची बरणी.

टप. टप. टप.

"कसला आवाज येतोय?" डोळे मिटूनच कुणीतरी विचारलं.

"तो काळ गळतोय," क्षणानंद प्रसंगावधान राखून म्हणाले. "लक्ष देऊ नका."

सरांनी मात्र लक्ष दिलं. हात वर करताना क्षणानंदांचा उजवा पाय गालिच्यावर जरासा पुढे सरकला, आणि घड्याळाचा काटा थबकला. मग स्वामींनी चष्मा पुसला, कान कोरला, चक्क एक डुलकी काढली. बऱ्याच वेळाने पाय पुन्हा सरकला. काटा हलला. पाच मिनिटं धावू दिल्यावर स्वामी खाकरले. "उघडा!"

सर बरणी घेऊन थेट व्यासपीठावर चढले.

"तुमच्या घड्याळात पाच मिनिटं. या बरणीत तास. दोन्ही याच खोलीत होती."

"पाण्याला श्रद्धा नसते," क्षणानंद शांतपणे म्हणाले. "त्याच्यावर कृपा कशी व्हावी?"

लोकांनी माना डोलावल्या. सरांचे कान तापले.

"बरं, पाण्याचं सोडा. कुणाकुणाच्या पायाला मुंग्या आल्यात? पाच मिनिटांत येतात मुंग्या?"

सासूबाईंनी हळूच हात वर केला. मागोमाग बरेच हात वर झाले. तेवढ्यात सरांनी गालिचा ओढला. खाली शिवणयंत्राला असतं तसं पायाने दाबायचं बटण होतं, आणि त्याची वायर भिंतीवरून घड्याळापर्यंत गेली होती. सरांनी पाय ठेवला, काटा थांबला. उचलला, चालू झाला.

"ही सिद्धी. कुणाला हवीय?"

आधी कुणी हललं नाही. मग दिनदर्शिकावाले आले, बटण दाबलं आणि लहान मुलासारखे हसले. मग रांगच लागली. एकेकाने येऊन काळ थांबवला. सासूबाईंनी दोनदा थांबवला. क्षणानंद या गर्दीत जिन्याने वर गेले, ते आजवर खाली आलेले नाहीत.

"श्रद्धा ठेवायची त्याने ठेवा," सर ओरडले, "पण डोळे उघडे ठेवून! चमत्कार दाखवणारा डोळे मिटायला सांगतो, तेव्हाच विचारा, का? आणि ज्यांनी ज्यांनी औषध बंद केलंय, त्यांनी आजपासून पुन्हा सुरू करा. आजार भिंतीवरचं घड्याळ बघून वाढत नाही!"

बायको सर्वात शेवटी आली. तिने बटण दाबलं, सोडलं. काट्याकडे बराच वेळ पाहिलं.

घरी जाताना तिने विचारलं, "हे माझ्या डोळ्यांसाठी केलंत, की त्याच्यावर जळून?"

सरांनी थोडा विचार केला. "जळून."

"तरीच. काळजीने केलं असतंत, तर अजून सहा महिने लावले असतेत."

वाटेत औषधांचं दुकान लागलं. तीही ताजी राहावी म्हणून दर बैठकीला पर्समध्ये नेलेली थेंबांची बाटली तिने काउंटरवर ठेवली. "ही चालेल ना?" दुकानदाराने ती उलटसुलट करून पाहिली.

"कधी उघडली होतीत?"

तिने सांगितलं.

"मग ही फेकून द्या," तो म्हणाला. "उघडल्यावर महिनाभरच चालते."