धुराच्या यादीचं मागचं पान

ऑफिसात तिला सगळे हेडमास्तरीण म्हणत. वैमानिकांच्या पुस्तिका सुधारणं हे तिचं काम, आणि त्यात ती कुणाच्या बापाचं ऐकत नसे. आज ती अडून बसली होती. विमानात धूर झाला तर काय करायचं, त्या यादीत एक नवी पायरी वाढून त्या अकरा झाल्या होत्या आणि शेवटच्या चार पायऱ्या पानाच्या मागे गेल्या होत्या. उद्या पुस्तिका छपाईला जायची होती.

"धुरात माणसाला पान उलटायला लावायचं नाही," ती म्हणाली.

"अहो बाई, तीस वर्षं विमान उडवतोय," मुख्य वैमानिक हसले. शेवटची सही त्यांची असे. "मला काय पान उलटता येत नाही?"

"येत असेल की, सर. मग दाखवाच एकदा. मास्क लावून."

झालं, स्वारी हट्टाला पेटली. सिम्युलेटरच्या नकली कॉकपिटमध्ये ते बसले, शेजारी सहवैमानिक बाई. हेडमास्तरणीने खोटा धूर सोडायला सांगितलं. मास्कमधून ते यादी मोठ्याने वाचू लागले. पान उलटताना दोन गुळगुळीत पानं एकदम उलटली आणि साहेब इंधनगळतीची यादी ठणकावून वाचत सुटले. सहवैमानिकेने हुकूम पाळला. चांगलं चालतं इंजिन बंद पडलं! यालाच म्हणतात हात दाखवून अवलक्षण.

दिवे लागले. कुणी हसलं नाही. तिलाही हसू आलं नाही.

दुपारभर बसून तिने यादीतली नुसती समजावून सांगणारी वाक्यं कापली आणि अकराही पायऱ्या एका पानावर बसवल्या. प्रत्येक बदलापुढे कारण लिहावं लागतं. साहेबांची लाज राखावी म्हणून तिने लिहिलं, "मांडणी सुधारली."

साहेबांनी ते खोडलं. स्वतःच्या हाताने लिहिलं, "सरावात मुख्य वैमानिकाने चुकीचं पान वाचलं आणि चांगलं इंजिन बंद करवलं." खाली सही ठोकली.

"सर, हे सहाशे वैमानिक वाचतील."

"वाचू देत. माझं हसं झालं तरी चालेल, त्यांचं पान चुकायला नको."

तिचा ऊर भरून आला. आयुष्यभर आपण अशा माणसांसाठी लिहिलं, याचा इतका अभिमान तिला कधीच वाटला नव्हता. तिने त्या सहीशेजारी आपली सही केली.