उताणा चमचा

ओट्टोकार स्लादेकने चमचा पाण्याच्या पेल्यावर पालथा ठेवला, कपाचा कान उजवीकडे वळवला आणि तबक उचलून तो खिडकीजवळच्या टेबलाकडे निघाला. मागून कॅफेच्या मालकीणबाईंनी आपल्या या मुख्य वेटरला हाक मारली, तेव्हा त्याच्या चपट्या तळव्यांचा फटक्‌फटक् आवाज निम्म्या वाटेत थांबला.

“हेर ओबर, आज जरा सरळ चालाल का?”

“अठ्ठेचाळीस वर्षं असाच चालतोय, फ्राउ टोमाशेक. आज काय कुणाचं लग्न आहे?”

“थट्टा नको. पाच वाजता हेर प्लाट्सर येतायत. मंत्रालयात प्रोफेसरची मानाची पदवी घ्यायची आणि थेट इथं. सोबत पेपरवाले, फोटोवाले. त्यांच्यासमोर तुम्ही त्यांचीच नक्कल करत फिरलात, तर बरं दिसेल का?”

नक्कल! कुणी कुणाची?

बाईंचा तरी काय दोष? काकांच्या पश्चात वर्षापूर्वीच त्या हे कॅफे सांभाळायला आलेल्या. त्याआधीचं त्यांना ठाऊक नव्हतं. आणि परगावचे लोक तर रोजच फसत. आत यायचे, ओट्टोकारची पावलं टाकायची तऱ्हा बघायचे, कॉफी मागितली की त्याचं ते भुवया चढवून “बघतो, मिळाली तर” म्हणणं ऐकायचे, आणि टाळ्या वाजवायचे. “अगदी प्लाट्सर! अगदी सिनेमातला प्लाट्सर!” परवा एका बाईने तर त्याच्या गालाला हात लावून सांगितलं, “छान करता हो, फक्त थोडं जास्त होतंय.” चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या ह्याच, आणि त्याही चोराने मारलेल्या नाहीत, बघ्यांनी!

“त्यांचं टेबल आज रुडॉल्फ बघेल,” बाई म्हणाल्या. “तुम्ही गल्ल्याच्या मागं थांबा. थोडा आराम होईल.”

ओट्टोकारने कॉफी नेऊन दिली, परत आला आणि गल्ल्यामागे उभा राहिला. प्लाट्सरच्या त्या कोपऱ्यातल्या टेबलावर तीस वर्षांत दुसऱ्या कुणी तबक ठेवलेलं नव्हतं.

एकोणीसशे अठ्ठावीसच्या हिवाळ्यात फेर्डिनांड प्लाट्सर पहिल्यांदा त्या टेबलावर बसला. ओटाक्रिंगच्या कामगारवस्तीतल्या हातमोजे शिवणाऱ्याचा मुलगा, उपनगरी रंगमंचावर दाराशी उभं राहून “गाडी आलीय” एवढंच म्हणणारा नट. अंगात बापाचा कोट आणि पोटात कावळे. एक लहान कॉफी मागवायचा आणि सहा तास बसायचा. बसू दे की! घरात शेकोटी नसलेल्या माणसाने कॅफेत बसायचं नाही तर कुठे? दर अर्ध्या तासाने ओट्टोकार त्याच्यासमोर ताज्या पाण्याचा पेला ठेवी आणि म्हणे, “घ्या, हेर डिरेक्टर,” म्हणजे डायरेक्टरसाहेब.

ही त्याची रीतच होती. कॉलेज अर्धवट सोडलेल्याला तो डॉक्टर म्हणे, डॉक्टरला प्रोफेसर, प्रोफेसरला दरबारी सल्लागार. दरबार बुडून चाळीस वर्षं झाली तरी सल्लागार त्याच्याकडे रोज कॉफी पीत. गिऱ्हाईक आत येताना जे असेल त्याहून एक पायरी वर चढूनच त्याने बाहेर पडावं, असं त्याचं म्हणणं. स्वतःला मात्र एकच पदवी, हेर ओबर, म्हणजे मुख्य वेटर. तीही अकरा वर्षं दुसऱ्यांची तबकं पुसून मिळवलेली.

तर तो भुकेला हेर डिरेक्टर पाणी पीत पीत बघत बसायचा. काय बघायचा ते चार वर्षांनी कळलं. बोलपट आले, प्लाट्सरला वेटरची चिमुकली भूमिका मिळाली, आणि पडद्यावर ओट्टोकार स्लादेक चालत आला! तोच फटक्‌फटक् आवाज, तोच खांद्यावरून मागे टाकलेला रुमाल, तेच “बघतो, मिळाली तर.” थिएटर कोसळायचं बाकी होतं. पेपी, ओट्टोकारची बायको, हसून हसून खुर्चीतून घसरली. ओट्टोकारचाही ऊर भरून आला, खोटं कशाला बोला. आपलं चालणं इतकं बघण्यासारखं असेल असं त्याला कधी वाटलं नव्हतं.

आणि मग पडद्यावरच्या वेटरने चमचा पेल्यावर ठेवला. उताणा!

ओट्टोकार उठून बाहेर गेला. दुसऱ्या दिवशी प्लाट्सर नव्या कोटात, पेढे वाटायच्या चेहऱ्याने कॅफेत आला, तेव्हा त्याच्यापुढे पाण्याचा पेला आला आणि साधे तीन शब्द आले. “घ्या, हेर प्लाट्सर.”

नटाने क्षणभर वर पाहिलं. विचारलं मात्र काही नाही.

तेव्हापासून सव्वीस वर्षं हेच. प्लाट्सर हमाल झाला, टांगेवाला झाला, रेल्वेचा गार्ड, कारकून आणि निदान डझनभर वेळा वेटर झाला. नायिका त्याला कधी मिळाली नाही, पण देश मिळाला. युद्धानंतर कोळसा नव्हता, पाव नव्हता, तेव्हा लोक घरातली ब्लँकेटं गुंडाळून त्याचे सिनेमे बघायला बसत. आणि दर नव्या सिनेमाला, सुटीच्या दुपारी, एकटा ओट्टोकार तिसऱ्या रांगेत मुठी आवळून बसे. चमचा यायची वाट बघे. आला, की दरवेळी उताणा. अरे, टांगेवाल्याचा लगाम बरोबर धरतोस, गार्डाची शिट्टी बरोबर फुंकतोस, मग एवढा चमचा कसा दिसत नाही तुला?

आज सकाळीच पेपी त्याचा काळा कोट घासताना म्हणाली होती, “आज तरी त्याला पदवी दे, म्हाताऱ्या. सरकारनं दिली, तुझंच अडलंय.”

“सरकारला चमच्यातलं काय कळतंय!”

“आणि तुला माणसातलं?”

यावर त्याने टोपी घातली होती.

पाच वाजता दार उघडलं. आधी फोटोवाले, मग मंत्रालयाचा एक गृहस्थ, मग गुडघे धरत चालणारा, कोटाच्या बटणाला मानाची फीत लावलेला फेर्डिनांड प्लाट्सर. सगळं कॅफे उभं राहिलं. रोजच्या गिऱ्हाइकांपैकी लिनहार्ट, तीस वर्षांपूर्वी वकिलीचं शिक्षण सोडलेला आणि ओट्टोकारच्या कृपेने डॉक्टर झालेला, गल्ल्याकडे वाकून कुजबुजला, “हेर ओबर, पैज लागलीय. सफरचंद भरलेला अख्खा स्ट्रुडेल. प्रोफेसरच्या वर काय? दरबारी सल्लागार म्हणाल की महामहीम?”

“मी आज गल्ल्यामागं आहे, हेर डॉक्टर.”

रुडॉल्फ तबक घेऊन टेबलाकडे गेला. प्लाट्सरने त्याच्याकडे पाहिलं, मग त्याच्या पलीकडे पाहिलं.

“स्लादेक कुठायत?”

“ते आज जरा... त्यांना आराम दिलाय,” फ्राउ टोमाशेक पुढे झाल्या. “म्हटलं, तुमच्यापुढं तुमचीच नक्कल नको, हेर प्रोफेसर.”

“माझी नक्कल?”

आधी प्लाट्सर हसला. मग त्याचं हसू गेलं. तो उठला, रुडॉल्फच्या हातातलं तबक हळूच काढून घेतलं आणि गल्ल्यापाशी आला.

“हेर ओबर, माझ्या टेबलावर बसा.”

“मी? ड्यूटीवर? डोकं ठिकाणावर आहे का तुमचं?”

“नाही. म्हणून तर पदवी दिली. बसा म्हणतो ना.”

एवढी माणसं बघत होती. ओट्टोकारने मालकीणबाईंकडे पाहिलं, त्यांचा आ वासलेला होता. तो गेला आणि आयुष्यात पहिल्यांदा आपल्याच कॅफेतल्या खुर्चीवर बसला. खुर्ची वाटली होती त्याहून टणक निघाली. हात कुठे ठेवावेत ते त्याला कळेना, म्हणून त्याने ते मांडीवर ठेवले.

“मंडळी,” प्लाट्सर फोटोवाल्यांना म्हणाला, “सकाळी मंत्रीमहोदयांनी विचारलं, हे चालणं कुठल्या शाळेत शिकलात. सांगतो. ह्या टेबलावर. चार वर्षं. फी म्हणून रोज एक लहान कॉफी, आणि पाणी मात्र मास्तरच पाजायचे.”

मग तो गल्ल्यापासून टेबलापर्यंत चालत आला. फटक्, फटक्. खांद्यावर रुमाल, भुवया चढलेल्या. लोक हसले, मग हळूहळू हसायचे थांबले, कारण एक स्लादेक बसला होता आणि एक चालत येत होता, आणि अस्सल कोण हे आता लहान पोरानेही सांगितलं असतं. फ्राउ टोमाशेक पुटपुटल्या, “अगबाई, म्हणजे हे...” आणि त्यांनी कानाच्या पाळ्या लाल होईपर्यंत खाली पाहिलं.

प्लाट्सरने तबक टेकवलं. कपाचा कान उजवीकडे वळवला. चमचा उचलला आणि पेल्यावर ठेवला.

पालथा.

ओट्टोकार चमच्याकडे बघत राहिला.

“म्हणजे येत होतं तुम्हाला?”

“पहिल्या दिवसापासून.”

“मग सव्वीस वर्षं...”

“सगळं तर उचललं तुमचं,” प्लाट्सर हलकेच म्हणाला, फोटोवाल्यांना ऐकू जाऊ नये असं. “चालणं नेलं, बोलणं नेलं, रुमालसुद्धा नेला. म्हटलं, एक गोष्ट तरी मालकाकडे राहू द्यावी. कधी वाद झालाच, तर खरा हेर ओबर चमच्यावरून ओळखू येईल.”

“आणि मी तुमची पदवी काढली, तेव्हा तोंड शिवलं होतं का?”

“तुम्ही मुठी आवळून तिसऱ्या रांगेत बसता असं थिएटरचा डोअरकीपर सांगायचा. एवढ्या जिवाभावानं माझं काम दुसरं कोण बघत होतं? सांगितलं असतं तर यायचे थांबला असता.”

ओट्टोकारने खिशातून रुमाल काढला, नाक शिंकरलं आणि तो नीट चार घड्या घालून परत ठेवला. लिनहार्ट टाचा उंचावून ऐकायला बघत होता. सल्लागार की महामहीम? सगळं कॅफे ताटकळलं होतं.

ओट्टोकारने कॉफीचा घोट घेतला, पेला एका दमात रिकामा केला, आणि खुर्चीत मागे रेलून, बोट वर करून, तीस वर्षांच्या जुन्या गिऱ्हाइकासारखी खणखणीत हाक मारली.

“हेर ओबर! आणखी पाणी!”

फेर्डिनांड प्लाट्सरने टाचा जुळवल्या. फीत लावलेली छाती पुढे काढली, एका हातात रिकामा पेला घेतला, दुसऱ्यात रुमाल, डोळे पुसायला हात उरला नाही म्हणून तसेच राहू दिले, आणि रुमाल खांद्यावर टाकला.

“बघतो,” तो म्हणाला, “मिळालं तर.”

आणि चपटी पावलं आपटत तो पाणी आणायला निघाला.