आधी ताई गप्प झाली

मोठी भाची घराच्या जिन्याजवळ कोसळली, तेव्हा मावशी खालच्या दुकानात मशीनवर बाही जोडत होती. पडताना पाहणारी एकटी धाकटी चिमी, वय वर्षं पाच. आणि चिमीची कुठलीही हकीकत शेपटाकडून सुरू व्हायची.

दवाखान्यात डॉक्टरांनी एकच विचारलं, पोरगी पडल्यावर शुद्ध गेली, की शुद्ध जाऊन पडली? पुढचं सगळं त्यावर ठरणार होतं, आणि तिला स्वतःला काहीच आठवत नव्हतं. दोघींची आई कामावरून निघाली होती, पण पोचायला दोन तास.

"रक्त आलं, मग मी रडले, मग ताई पडली," चिमी म्हणाली. मावशीने पुन्हा विचारलं. तिसऱ्यांदा आवाज चढला आणि चिमीचे ओठ थरथरले. रागावून ही बोलायची नाही, हे तिला कळत होतं.

ताईला आत नेलं होतं त्या बंद दाराकडे एक डोळा ठेवून तिने चिमीला मांडीवर घेतलं. "ओळख बघू. आधी मी अंगावर, मग पाण्यात, मग दोरीवर, पुन्हा अंगावर. मी कोण?"

"फ्रॉक!"

मग मावशीने तिला सांगितलं, की आज आपण आधी फ्रॉक दोरीवर वाळवला आणि मग धुतला. आधी बूट घातले, वरून मोजे चढवले. चिमी खुदुखुदु हसत एकेक चूक सुधारू लागली. मावशी हसत होती, पण पाय थांबत नव्हता, मशीन चालवल्यासारखा हलत होता.

"आणि ताईला आधी पट्टी बांधली, मग लागलं."

"नाही गं मावशी! आधी ती बोलत होती. मग गप्प झाली. मी हाक मारली, तिने बघितलंच नाही. मग पडली. मग रक्त."

मावशीला शंका आली. आपल्याला खूश करायला तर म्हणत नाही ना?

"म्हणजे पडली, मग गप्प झाली?"

"गप्प आधी," चिमी ठामपणे म्हणाली.

डॉक्टरांनी स्वतः विचारलं, तरी क्रम तोच. टाके घालून घरी पाठवायचा बेत त्यांनी बदलला. संध्याकाळी कळलं, की हृदयाचे ठोके मधेच अडखळतात. वेळेवर सापडलं, औषधाने आटोक्यात राहील. धावत आलेली आई ऐकून मटकन खाली बसली.

मावशीला मात्र बसवेना. ती व्हरांड्यात येरझाऱ्या घालत राहिली, आणि मागोमाग चिमी, आणखी एक कोडं घाल म्हणत.