जावक क्रमांक ४१२

हरिहर टिपणीसांच्या हाताला एक खोड होती. कागद लिहून झाला की डाव्या कोपऱ्यात जावक क्रमांक पडलाच पाहिजे. खोपटच्या कॉलेजात हेडक्लार्क म्हणून लागण्याआधी त्यांनी सरकारी कचेरीत सव्वीस वर्षं काढलेली, आणि तिथे नंबर नसलेला कागद म्हणजे कागदच नव्हे. एकदा प्रमोदिनीबाईंनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, वाण्याकडची यादी लिहून मागितली तर पठ्ठ्याने तूरडाळीच्या वर तारीख आणि नंबर टाकून दिला. वाणी महिनाभर हसत होता. "मला माहेरी पाठवाल तेव्हा कपाळावर नंबर घाला हो," बाई म्हणायच्या. सगळे हसायचे, टिपणीसही हसायचे. पुढे ही खोड कोणाच्या मुळावर येणार आहे हे तेव्हा कोणाच्या गावी होतं?

कॉलेज म्हणजे भाताचं जुनं गोदाम. मधे पडद्या घालून खोल्या केलेल्या, पावसाळा सरला तरी भिंतींना कोंड्याचा वास. पण ठाण्यातल्या पोरांना मुंबई न गाठता शिकायला मिळत होतं, म्हणून गावाला त्याचं कौतुक. चोपन्न सालच्या जूनमध्ये कोलशेतचा नाथा मुलीला घेऊन तिथे आला. मिठागरावर काम करणारा आगरी माणूस, पायांना मिठाने भेगा पडलेल्या, आणि मागे दोन वेण्या घातलेली शकू. मॅट्रिकला सायन्समध्ये सत्तरच्या वर मार्क. त्यांच्या पाड्यातली मॅट्रिक झालेली पहिली मुलगी, आणि तिला डॉक्टर व्हायचं होतं.

"साहेब, तुमचे हवाली करतंय पोर," नाथा म्हणाला. "पास होतेय तवर शिकंल. एकदा का नापास झाली, का लगीन. मामाचे पोराला शब्द दिलाय मी. मंग मना कोनी सांगाचा नाय."

"अहो, ही कशाला नापास होतेय?" टिपणीस म्हणाले आणि तिचा फॉर्म त्यांनी स्वतःच्या हाताने भरला. त्यांना मूलबाळ नव्हतं. रोज कोलशेतहून पायी येणारी, धुळीने भरलेले पाय नळावर धुऊन मगच वर्गात शिरणारी ही मुलगी त्यांच्या फार मनात भरली. ती त्यांना भाऊसाहेब म्हणायची. पहिलं वर्ष तिने वर्गात पहिली येऊन काढलं.

इंटरच्या वर्षाला मात्र घोडं अडलं. इंटर सायन्सला विद्यापीठाची मान्यता अजून पक्की नव्हती. जानेवारीत तपासणी समिती येणार, इमारत बघणार, ग्रंथालय बघणार, प्रयोगशाळा बघणार आणि मग ठरवणार. मान्यता नाही मिळाली तर इंटरच्या पोरांचे परीक्षेचे फॉर्मच घेतले जाणार नव्हते. आणि जीवशास्त्राच्या प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शक किती? एक. त्याचंही भिंग गेलेलं.

प्रिन्सिपॉल गुप्त्यांनी त्यावर तोड काढली. मुंबईच्या एका कॉलेजात त्यांचा मित्र होता. त्याच्याकडून आठ सूक्ष्मदर्शक चार दिवसांसाठी आले, पेंढ्यात घालून, बैलगाडीतून. टिपणीसांच्या टेबलावर तपासणीचा तक्ता पडला. त्यात प्रयोगशाळेतल्या सामानाची यादी भरायची होती.

"आठ लिहा," गुप्ते म्हणाले.

"साहेब, पण आपले आहेत का ते?"

"टिपणीस, तक्त्यात 'आहेत का' एवढंच विचारलंय. 'कुणाचे' असा रकाना आहे का?" गुप्ते वाईट माणूस नव्हते. थकलेले होते. "वर्षभराने आपलेही होतील. आज नाही लिहिलंत तर तुमच्या त्या कोलशेतच्या मुलीचं वर्ष बुडेल."

एवढं पुरलं. सव्वीस वर्षांत खोटा आकडा न लिहिलेल्या माणसाने शकूसाठी आठ लिहिले. अक्षरही नेहमीसारखंच मोत्यासारखं आलं, ह्याचंच त्यांना वाईट वाटलं.

सूक्ष्मदर्शकांना हात लावायची पोरांना सक्त मनाई होती. काही फुटलं तर गुप्त्यांना मित्रापुढे तोंड दाखवायला जागा उरली नसती. तपासणीच्या दिवशी आठ जणांनी आठ स्टुलांवर बसून डोळा नळीला लावायचा आणि हात मांडीवर ठेवायचे, असं ठरलं. समितीतले एक वयस्कर प्रोफेसर शकूपाशी थांबले. टिपणीस दारात यादी घेऊन उभे होते.

"काय दिसतंय, बाळ?"

"कांद्याचा पापुद्रा, सर. पेशी दिसतात," शकूने पाठ केलेलं सांगितलं.

"छान," म्हणून ते पुढे गेले. नळीला डोळा काही त्यांनी लावला नाही. माणसं गेल्यावर शकू टिपणीसांजवळ आली आणि दबक्या आवाजात म्हणाली, "भाऊसाहेब, मला काय पण नाय दिसलं. नुसता काळोख. खालचा आरसा फिरवायचा असतो ना? पण हात लावू नका म्हणाले."

"अगं, आपले आले की बघशील पोटभर," टिपणीस म्हणाले.

दुसऱ्याच दिवशी आठही यंत्रं पेंढ्यात बसून परत गेली. महिन्याभरात मान्यतेचं पत्र आलं, त्यात 'प्रयोगशाळा समाधानकारक' असा शेरा. गुप्त्यांनी सगळ्यांना पेढे वाटले. शकूने तिचा पेढा बापासाठी कागदात बांधून नेला.

मार्चमध्ये प्रात्यक्षिक परीक्षा मुंबईच्या केंद्रावर झाली. शकूपुढे खराखुरा सूक्ष्मदर्शक आला, आणि ह्या वेळी हात लावायचा होता. पुस्तकातली आकृती तिला तोंडपाठ होती. पण कोणता स्क्रू किती फिरवला की नळी किती खाली येते, हे आकृतीत कुठे असतं? तिने फिरवला तो जाडा स्क्रू. नळी खाली आली, भिंग काचेवर टेकलं आणि काच कडकन फुटली. परीक्षकाने विचारलं, "कधी हाताळला नाहीस का?" ती म्हणाली, "नाय सर." त्याला वाटलं, पोरगी सबबी सांगतेय. मान्यता असलेल्या कॉलेजातून आलेली मुलगी असं कसं बोलेल?

निकाल लागला. जीवशास्त्राच्या अकरा जणांत नऊ प्रात्यक्षिकात नापास. लेखीत शकू पहिली होती, पण त्याचं काय लोणचं घालायचं? बाकीच्या आठांना ऑक्टोबरची फेरपरीक्षा होती. शकूला ऑक्टोबर नव्हता.

नाथा आला तो उभ्यानेच बोलला. त्याचाही चेहरा उतरला होता. मुलगी त्याचीच होती. "मी बोललेलो साहेब. आता शब्द फिरवू कसा?"

"नाथा, थोडं थांबा. मी विद्यापीठाला लिहितो. प्रात्यक्षिक पुन्हा घेता येतं. एका केंद्रावर घेतलेलंही आहे पूर्वी."

नाथाने दाराकडे पाहिलं. शकू दाराबाहेर उभी होती, हे दोघांनाही ठाऊक होतं. "तुलशीचं लगीन होईतवर थांबतंय. त्याचे म्होरं नाय."

टिपणीसांनी शनिवारी दुपारी, कॉलेज सुटल्यावर, कचेरीत बसून पत्र लिहिलं. कॉलेजचं नाव घालून, जे घडलं ते सगळं लिहिलं: यंत्रं उसनी आणली, यादी खोटी भरली, पोरांनी यंत्राला बोटही लावलेलं नाही, म्हणून दोष पोरांचा धरू नये आणि प्रात्यक्षिक पुन्हा घ्यावं. खाली सही केली नाही. निदान तेवढं शहाणपण सुचलं. पंचावन्नाव्या वर्षी नोकरी गेली तर प्रमोदिनीबाईंना काय खायला घालणार? लिहिणाऱ्याचं नाव नाही, गाव नाही, 'एक हितचिंतक' एवढंच. पत्राची घडी घातली, पाकीट चिकटवलं, स्वतः पोस्टात जाऊन पेटीत टाकलं आणि सहा महिन्यांत पहिल्यांदा जेवले पोटभर.

जुलै गेला, ऑगस्ट गेला. शकू अधूनमधून यायची, टेबलाशी उभी राहायची. "उत्तर आलं का, भाऊसाहेब?" तिची पुस्तकं अजून पिशवीतच होती. मिठागर बंद असल्यामुळे ती शेतावर जायची, पण नखं स्वच्छ ठेवायची. डॉक्टरची नखं स्वच्छ हवीत, असं तिला कोणीतरी सांगितलं होतं.

दसऱ्यानंतर उत्तर आलं. पण ते हितचिंतकाला नव्हतं, प्रिन्सिपॉलांना होतं. गुप्त्यांनी टिपणीसांना आत बोलावलं, दार लोटून घेतलं आणि पत्र पुढे सरकवलं. पहिलीच ओळ: 'संदर्भ, आपल्या महाविद्यालयाचे पत्र, जावक क्रमांक ४१२.'

गुप्त्यांनी जावक रजिस्टर उघडूनच ठेवलं होतं. क्रमांक ४१२, तारीख, 'विद्यापीठ, सूक्ष्मदर्शकांबाबत'. अक्षर मोत्यासारखं. हाताने आपलं काम केलं होतं. डोक्याला पत्ता नव्हता.

"निनावी पत्राला नंबर घालणारा माणूस मी आयुष्यात पाहिला नव्हता," गुप्ते म्हणाले. त्यांना हसू आलं नाही. टिपणीसांनाही नाही.

निनावी राहिलं असतं तर कदाचित कोणी चौकशीला आलं असतं. कदाचित केराच्या टोपलीत गेलं असतं. पण नंबर पडला म्हणून ते कॉलेजचं अधिकृत पत्र झालं, आणि अधिकृत पत्राची चौकशी विद्यापीठ कोणाकडे करणार? कॉलेजकडेच. मजकूर खरा असल्यास कळवावे, म्हणजे मान्यता काढण्याची कारवाई करता येईल. प्रात्यक्षिक पुन्हा घेण्याविषयी त्यात एक अक्षर नव्हतं.

"मी 'खरं आहे' म्हणून कळवतो," गुप्ते म्हणाले. "तुम्ही म्हणाल तर आत्ता. मग कॉलेज बंद. एकशे साठ पोरं रस्त्यावर. पण तुमची शकू त्याने पास होईल का, तेवढं सांगा."

टिपणीसांनी रजिस्टर मिटलं.

"नऊ पोरं नापास झाली, साहेब," ते म्हणाले.

"पोरं नापास झाली. कॉलेज पास झालं. त्यांच्या दफ्तरी दोन्ही गोष्टी आहेत आणि दोन्ही निरनिराळ्या फायलींत आहेत." गुप्त्यांनी चष्मा काढून डोळे चोळले. "मसुदा तुम्हीच करा. नोकरीला धक्का लागू देत नाही मी."

टिपणीसांनी मसुदा केला. क्रमांक ४१२ चे पत्र लेखनिकाच्या नजरचुकीने रवाना झाले असून ते रद्द समजावे. प्रयोगशाळेतील सूक्ष्मदर्शकांची संख्या आठ असून ती पुरेशी आहे. गुप्त्यांनी सही केली. टिपणीसांनी डाव्या कोपऱ्यात नंबर घातला, ५८७. ह्या वेळी जाणूनबुजून घातला.

दिवाळी झाली. तुळशीच्या लग्नाला चार दिवस उरले असताना शकू बापाबरोबर आली. हिरवा चुडा अजून भरायचा होता, पण हळदीची तारीख ठरलेली. नाथा बाहेर पायरीवरच बसून राहिला.

"उत्तर आलं, भाऊसाहेब?"

"आलं."

"काय म्हणतात?"

"चूक झाली म्हणतात."

तिचा चेहरा एकदम उजळला, आणि टिपणीसांना वाटलं, धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं. "म्हणजे घेणार परत?"

"तसं नव्हे गं. माझी चूक. कॉलेजात यंत्रं आहेत, असंच मी कळवलंय. मीच. माझ्या हाताने."

शकू रडली नाही. रडली असती तर त्यांना सोसलं असतं. तिने पिशवीतून जीवशास्त्राचं पुस्तक काढून टेबलावर ठेवलं. ग्रंथालयाचं होतं, वेळेवर परत केलं. मग म्हणाली, "दाखला द्या."

"कशाला हवा आता?" नाथा पायरीवरून म्हणाला.

"असू दे माझ्याजवळ."

टिपणीसांनी दाखल्याचा फॉर्म घेतला. नाव लिहिलं, जन्मतारीख लिहिली, वर्तणूक चांगली. कॉलेज सोडण्याचं कारण ह्या रकान्याशी टाक थांबला. खरं कारण मावेल एवढा तो रकाना नव्हता. त्यांनी 'अनुत्तीर्ण' लिहिलं.

"भाऊसाहेब," शकू वाकून म्हणाली, "त्यात खरं काय दिसतं हो? कांद्याच्या पापुद्र्यात?"

टिपणीसांनी वर पाहिलं. आठ यंत्रं त्यांनी यादीत लिहिली होती, मोजून घेतली होती, मोजून परत केली होती, पुन्हा एकदा पत्रात लिहिली होती. डोळा त्यांनीही कधी लावला नव्हता.

"मला नाही माहीत गं," ते म्हणाले. "मी कधी बघितलंच नाही."

तिने मान हलवली. टिपणीसांनी दाखल्यावर शाई टिपली, डाव्या कोपऱ्यात नंबर घातला आणि कागद तिच्या हातात दिला.